उंदराला कुणी विचारलं होतं?

पुरुषोत्तमराव गद्रे आयुष्यात एकदाही स्वतःहून कुठे गेलेले नाहीत. हे मी चिडून म्हणत नाही. ते स्वतःच सांगतात, तेही हसत हसत, आणि मला चीड येते ती त्या हसण्याची. लंडनच्या कडेला, पिनरला, आमच्या घरासमोरच त्यांचं घर. मधे फक्त रस्ता आणि त्यांच्या कुंपणाची हिरवी हेज. ती ते इतकी सरळ कापतात की आमची हेज रात्रभर पिऊन आल्यासारखी दिसते. उदय, म्हणजे माझा नवरा, तेवढ्यावरून त्यांच्यावर राग धरून आहे. माझा राग वेगळा होता, आणि तो मी वीस वर्षं नीट सांभाळला.

त्यांची कहाणी ऐका. जन्म सांगलीचा. थोरल्या भावाला शिकायला मावशीकडे मिरजेला ठेवलं, तर तो एकटा रडेल म्हणून ह्यांनाही बरोबर धाडलं. रडायचं भावानं आणि शाळा बदलायची ह्यांनी. पुढे भावाला पुण्यात पंपांच्या कारखान्यात नोकरी लागली, की हेही तिथेच, स्टोअर्समध्ये. भावानं खोली घेतली, हे त्या खोलीत. भावाचं लग्न झालं आणि खोलीत जागा उरली नाही, तेव्हा कुठे घरच्यांना आठवलं की अरे, ह्याचंही करून टाकायला हवं.

त्याच सुमाराला देवयानीताईंच्या वडलांना जावई हवा होता. मुलगी डॉक्टर, ऑपरेशनच्या वेळी भूल देणारी, आणि तिला इंग्लंडात हॉस्पिटलची नोकरी मिळालेली. ऐंशीच्या दशकातली गोष्ट. स्थळं येत होती, पण बायकोच्या मागून परदेशी जायचं म्हटलं की मुलांच्या आयांना घेरी यायची. वडलांची अट एकच, मुलाची बाहेर जायला हरकत नको. पुरुषोत्तमरावांना विचारलं. ते म्हणाले, "माझी काही हरकत नाही." झालं, ठरलं लग्न. पत्रिका नंतर बघितली, तीही उगाच आपली.

ताईंची पहिली नोकरी कॉव्हेंट्रीला, म्हणून ह्यांनी कॉव्हेंट्रीला मोटारींच्या सुट्या भागांच्या गोडाउनात काम धरलं. ताईंना स्लाऊजवळ पोस्ट मिळाली, हे स्लाऊला वेअरहाऊसमध्ये. मग ताई कन्सल्टंट झाल्या, पिनरला घर घेतलं, आणि हे लायब्ररीत पार्ट टाइम. मधे अक्षया झाली. तिच्या नॅपी, तिचे लंचबॉक्स, शाळेतल्या पॅरेंट्स इव्हिनिंग सगळं ह्यांनी केलं, आणि चांगलं केलं. तेवढं मी मान्य करते. पण घर कुठे घ्यायचं, मुलीला कुठल्या शाळेत घालायचं, दुसरं मूल होऊ द्यायचं की नाही, इतकंच काय, बाथरूमच्या टाइल्स कुठल्या, हे सगळं ताईंनी ठरवायचं. हे बाजूला उभे. कुणी काही म्हटलं की आपलं ठरलेलं, "माझी काही हरकत नाही."

आणि ताई बाहेर लोकांना काय सांगायच्या? "ह्यांना विचारून सांगते."

आता हे वाक्य म्हणजे आपल्या बायकांचं घरगुती हत्यार आहे. दाराशी वर्गणीवाले आले, कुणी पोरीसाठी नको ते स्थळ सुचवलं, कुणी शनिवारी राहायला येतो म्हणालं, की म्हणायचं, ह्यांना विचारून सांगते. विचारायचं वगैरे काही नसतं. मी स्वतः गेल्या तीस वर्षांत उदयच्या नावावर असंख्य लोकांना नकार दिलेत आणि त्या बिचाऱ्याला पत्ताही नाही. इथल्या मराठी मंडळातले दोन जण त्याच्याशी अजून धड बोलत नाहीत, आणि का बोलत नाहीत ते त्याला कळत नाही. तेव्हा देवयानीताई तसं म्हणाल्या की मी मनात हसायचे. म्हणायचे, विचारतात कसल्या, विचारायला समोर कुणी असायला तर हवं.

गेल्या वर्षी दोघं ऑकलंडला जाऊन आले. अक्षया आणि तिचा नवरा साकेत तिथे असतात. त्यांना मुलगा झाला होता, अंशुमन. ताई बाळाच्या मालिशीत आणि डिंकाच्या लाडवांत बुडालेल्या. घरात ह्यांची अडचण नको म्हणून साकेतनं एक दिवस सासऱ्यांना म्युझियमच्या दाराशी सोडलं आणि तो ऑफिसला गेला. तिथे एका काचेमागे पुरुषोत्तमरावांना उंदीर भेटला. माणसं न्यूझीलंडहून मध आणतात, लोकरीच्या टोप्या आणतात. हे परत आले ते उंदीर डोक्यात घेऊन.

पॉलिनेशियन उंदीर. तिथले माओरी त्याला किओरे म्हणतात. मी ही सगळी माहिती हौसेनं मिळवलेली नाही, माझ्या स्वयंपाकघरात बसून ती मला दिली गेलेली आहे.

"मनीषाताई," ते चहाचा मग दोन्ही हातांत धरून म्हणाले, "आपल्याकडच्या घुशीसमोर हा म्हणजे अगदी पिल्लू. धड पोहतासुद्धा येत नाही. आणि पसरला कुठवर? आग्नेय आशियातून निघाला तो वर हवाईपर्यंत, खाली न्यूझीलंड, पलीकडे ईस्टर बेट. अर्धा पॅसिफिक पालथा घातला. स्वतः काही न करता."

"मग कसा गेला?"

"होडीतून. माणसं जातील तिकडे." हे सांगताना त्यांच्या तोंडावर असा आनंद होता की जणू दूरच्या नात्यातलं कुणी नावारूपाला आलंय.

मग काय, रोज नवीन काही. त्या बेटांवरच्या लोकांचे पूर्वज कुठून कसे गेले हे शास्त्रज्ञांना शोधायचं होतं. पण पूर्वजांची हाडं अशी कुणी तपासू देत नाही, आणि का द्यावीत? मग त्यांनी उंदरांचं डीएनए तपासलं. जिथे हा उंदीर आहे तिथे होडी आलेली असणारच, कारण त्याला दुसरा मार्गच नाही. कुठल्या बेटावरचा उंदीर कुठल्या बेटावरच्या उंदराचा भाऊबंद ते कळलं, की होड्या कुठून कुठे गेल्या त्याचा अंदाज बांधता येतो. "म्हणजे बघा," पुरुषोत्तमराव म्हणाले, "एवढे मोठे दर्यावर्दी लोक, पण त्यांचा इतिहास शेवटी उंदराला विचारायला लागला." मी म्हटलं, बिस्किट घ्या.

त्याच्या शास्त्रीय नावाचा अर्थ म्हणे हद्दपार झालेला. आणि विद्वानांत एक वाद अजून मिटलेला नाही. होडीत हा चोरून शिरला, की लोकांनी मुद्दाम बरोबर घेतला? कारण ते लोक त्याला खायचे. लांबच्या प्रवासाची शिदोरी म्हणून, नव्या बेटावर सोडून वाढवायला म्हणून, नेला असेल. चोरून चढलेला की शिदोरी म्हणून नेलेला, ह्या प्रश्नावर पुरुषोत्तमराव तासन् तास बोलू शकत. आपण स्वतः ह्यातले कोण, हे त्यांनी कधी म्हटलं नाही. मला मात्र उत्तर माहीत होतं असं मला वाटायचं.

जवळच हॅरोला चर्चच्या हॉलमध्ये आमचा ज्येष्ठ मराठी मंडळींचा महिन्याचा मेळावा भरतो. तिथे चंद्रशेखर म्हणून संयोजक आहेत, त्यांनी ह्यांना बोलायला उभं केलं. विषय जाहीर झाला, "आम्ही पाहिलेलं न्यूझीलंड". मंडळी मेंढ्या, डोंगर, धबधबे बघायला सरसावून बसली. दिवा मालवला आणि पडद्यावर उंदीर आला. पुढचाही फोटो उंदराचाच. तिसरा, बियाणं कुरतडणारा उंदीर. मागे सुप्रभाताईंनी साबुदाण्याची खिचडी वाढायला घेतली होती, त्या हातात डाव घेऊन तशाच थांबल्या.

पण माणूस बोलला चांगलं, खोटं कशाला सांगू. हा एवढासा प्राणी, कुणाच्या अध्यात ना मध्यात, नुसत्या खाली पडलेल्या बिया आणि पक्ष्यांची अंडी खातो, आणि त्यामुळे बेटांवरची झाडं नव्यानं उगवेनाशी होतात, पक्षी संपत येतात. म्हणून मग आता माणसंच हेलिकॉप्टरमधून विष टाकून त्याला मारतात. काही माओरी मंडळी म्हणतात, आमच्या पूर्वजांबरोबर आलाय, आमचा ठेवा आहे, त्याला कुठेतरी राहू द्या. पॅसिफिकमध्ये ब्रिटिश झेंड्याखालचं एक निर्मनुष्य बेट आहे. तिथेही असंच विष टाकलं. हजारो मेले, मोजके काही वाचले, आणि थोड्याच वर्षांत बेट पुन्हा उंदरांनी भरलं. हे सांगताना पुरुषोत्तमरावांचा आवाज जरा चढला. मग ते म्हणाले, "त्याला आणायचं ठरवलं माणसांनी, आता घालवायचंही माणसांनीच ठरवलं. उंदराला कुणी विचारलं होतं?"

मग पुढच्या रांगेतले एक आजोबा म्हणाले, "हा चावतो का?" चंद्रशेखरनी आभार मानून टाकले, दिवे लागले, आणि त्या दिवशी खिचडी बरीच उरली. देवयानीताई शेवटच्या रांगेत बसल्या होत्या. घरी येताना गाडीत त्या एक शब्दही बोलल्या नाहीत. मला वाटलं, लाज वाटली असेल.

ह्यानंतर काही महिन्यांनी अक्षयाची मॅटर्निटी लीव्ह संपली आणि तिच्या फोनचा सूर बदलला. आई, तू इकडेच ये ना कायमची. तुम्ही दोघंच तिथे काय करता? अंशुमनला आजी हवी. व्हिसाचं साकेत बघतोय. ताई प्रत्येक वेळी म्हणायच्या, "ह्यांना विचारून सांगते." फोन स्पीकरवर असला की पलीकडून पोरगी हसायची. "आई, बाबांना काय विचारायचं? बाबांची काही हरकत नसते." आणि बाबा आतून ओरडायचे, "माझी काही हरकत नाही." असं करत करत घर विकायला निघालं. ताईंनी किंमत अशी लावली की मला वाटलं, ह्या किमतीला तर कुणी फिरकणार नाही. ताई म्हणाल्या, बघू. मला त्यांचा तो लोभ वाटला.

एस्टेट एजंट आला तो आपल्यातलाच, कुश. त्याचे आजोबा पन्नास वर्षांपूर्वी आले, हा हॅरोत जन्मलेला. सूट, टोकदार बूट, फार गोड पोरगा. मराठी बोलतो, पण लिंग-वचनाशी त्याचं काही देणंघेणं नाही. "काका, तुमचा घर खूप सुंदर आहे," म्हणाला, तर पुरुषोत्तमरावांनी त्याला लाडू दिला. आणि एवढ्या किमतीलाही एक जोडपं निघालं. मागितली तेवढी किंमत द्यायला तयार. कुशनं ताईंना फोन केला, तर ताई म्हणाल्या, "ह्यांना विचारून सांगते."

आता आपल्यापैकी कुणीही असतं तर समजलं असतं. बाई वेळ काढतायत, किंवा अजून थोडे वर मागतायत. पण कुश इथे वाढलेला. इथे बाई म्हणाली नवऱ्याला विचारते, तर ती नवऱ्याला विचारणार, एवढं सरळ. घर दोघांच्या नावावर, तेव्हा दोघांचं मत लागणारच. तीन दिवस वाट बघून तो थेट दाराशी आला.

मी तेव्हा त्यांच्याच स्वयंपाकघरात होते. आमचा मिक्सर जळला होता, म्हणून चटणी वाटायला गेले होते. देवयानीताई पोहायला गेलेल्या. कुश टेबलाशी बसला आणि म्हणाला, "काकू बोलली की तुम्हाला विचारून सांगते. तर मी म्हटलं, मीच विचारतो. काका, हा ऑफर घ्यायचा का? तुम्हाला काय वाटतो?"

मी मिक्सर बंद केला. पुरुषोत्तमराव त्याच्याकडे बघत राहिले. माझ्याकडे बघितलं. मग पुन्हा त्याच्याकडे. एवढ्या वर्षांत त्या माणसाला तोंडावर कुणी असं विचारलेलं मी पाहिलं नव्हतं. ते सावकाश म्हणाले, "हरकत आहे."

"ओके," कुश म्हणाला. "काय हरकत आहे?"

"ते नाही सांगता येणार. पण आहे."

"नो प्रॉब्लेम," असं म्हणून त्या गुणी पोरानं तिथल्या तिथे फोन लावला आणि त्या जोडप्याला सांगून टाकलं, व्हेंडर, म्हणजे घर विकणारे, तयार नाहीत. मी कपाळावर हात मारून घेतला. हातात चटणी होती ते लक्षात राहिलं नाही.

तेवढ्यात देवयानीताई आल्या, ओल्या केसांना टॉवेल गुंडाळलेला. कुशनं उठून, हसतमुखानं, काय झालं ते त्यांना सांगितलं. ताईंनी ऐकून घेतलं, त्याला दारापर्यंत पोचवलं, थँक यू म्हटलं. दार लावलं. मी डबा उचलून सटकायच्या बेतात होते. मला आतून वाईट वाटत नव्हतं असं नाही, पण बरंच बरंही वाटत होतं, की चला, आता ह्या माणसाला एकदा बोलणी बसतील.

"आता?" ताई नवऱ्याला म्हणाल्या. आवाज मोठा नव्हता. "आता सुचलं तुम्हाला?"

"त्यानं विचारलं म्हणून..."

"त्यानं विचारलं म्हणून. आणि मी कधी विचारलं नाही?" मग त्या माझ्याकडे वळल्या. "मनीषा, थांब तू. तुलाही तेच वाटतं ना, की मी ह्यांना कधी विचारलं नाही? मंडळात सगळे हसतात, मला माहीत आहे."

मी डब्याचं झाकण उगाच दाबत राहिले. हसणाऱ्यांत मी पहिली.

"दर वेळी विचारलं," ताई म्हणाल्या. "लग्न ठरल्यावर, इंग्लंडची तिकिटं काढायच्या आधी, ह्यांना एकट्याला गाठून विचारलं, जाऊ या ना आपण? मला जायची भीती वाटत होती. एवढ्या लांब, कुणी ओळखीचं नाही, त्या लोकांचं बोलणं कळेल की नाही. वडलांना नाही म्हणायची सोय नव्हती, त्यांनी गावभर पेढे वाटले होते. वाटलं, हे नको म्हणतील आणि मी सुटेन. हे म्हणाले, माझी काही हरकत नाही."

पुरुषोत्तमराव उभे होते ते खुर्चीवर बसले.

"दुसऱ्या मुलाचं विचारलं. म्हणाले, तू म्हणशील तसं. मी तेव्हा नाइट ड्यूट्या करून अर्धी झाले होते, म्हटलं नको. तुम्ही एकदा म्हणायचं होतंत, होऊ दे देवयानी, मी आहे. मी एका पायावर तयार झाले असते. चाळीस वर्षं लोकांना सांगत आले, ह्यांना विचारून सांगते. लोकांना वाटलं बहाणा. अहो, मी खरंच विचारायला यायचे. घरातून कधी उत्तरच आलं नाही."

"मी तुझ्या आड आलो नाही, इतकंच," ते पुटपुटले.

"यायला हवं होतं आड," ताई म्हणाल्या. "एवढ्या सगळ्या लोकांसमोर उभे राहून म्हणालात, उंदराला कुणी विचारलं होतं? आणि त्या होडीतल्या बाईला विचारलं होतं का कुणी? ती काय हौसेनं निघाली होती समुद्रात? तिच्या मांडीवर पोर असेल, कुणीतरी म्हणालं असेल चल, आणि तिचा नवरा म्हणाला असेल, माझी काही हरकत नाही."

मला वाटलं होतं त्या रडतील. रडल्या नाहीत. टॉवेल सुटून खांद्यावर आला होता, तो त्यांनी घडी करून खुर्चीच्या पाठीवर टाकला. मी मात्र ओट्याला टेकून उभी राहिले. वीस वर्षं ज्या माणसाला मी बिचारा, ओढत आणलेला म्हणून नावं ठेवली, त्यानं सगळं ओझं त्या बाईच्या एकटीच्या डोक्यावर ठेवून दिलं होतं, आणि तेही हसत हसत, अगदी काही न करता.

मग पुरुषोत्तमरावांनी विचारलं. मी त्या घरात त्यांना पहिल्यांदाच काही विचारताना ऐकत होते. "मग ऑकलंडला? तुला जायचंय का?"

"नाही," ताई म्हणाल्या. "मला नाही जायचं. आता पुन्हा नव्या गावात नवी बाई व्हायची ताकद नाही माझ्यात. इथे माझं पोहणं आहे, माझ्या चार मैत्रिणी आहेत, ही समोरची भवानी आहे. इथे मला जीपीच्या दवाखान्यात नावाचं स्पेलिंग सांगावं लागत नाही. किंमत मी उगाच का चढवली होती? पण अक्षयाला कुठल्या तोंडानं सांगू? तिनं माझ्याकडे मागितलंय काय आजवर? ती लहान होती तेव्हा मी ऑपरेशन थिएटरमध्ये दुसऱ्यांच्या पोरांना भूल देत होते. आता ती पहिल्यांदा म्हणतेय, आई, मला तू हवीस. तिला नाही म्हणायला जीभ रेटत नाही माझी."

आणि फोन वाजला. अक्षयाच. आमच्याकडे सकाळ म्हणजे तिच्याकडे रात्र, पोराला झोपवून तिनं केला असणार. ऑफर आल्याचं तिला माहीत होतं. ताईंनी फोनकडे बघितलं, पण हात पुढे केला नाही. पुरुषोत्तमरावांनी फोन उचलला आणि स्पीकरवर टाकला. कानाला लावून त्यांना नीट ऐकू येत नाही, ते नेहमी असंच बोलतात.

"आई, काय झालं घराचं?"

"बाबा बोलतोय," ते म्हणाले. "घर विकायचं नाही. आम्ही येत नाही आहोत, अक्षया."

"म्हणजे? आई कुठेय?"

"आई इथेच आहे. तिला यायचं होतं. तिची सगळी तयारी होती. मीच नको म्हटलं. मला इथेच राहायचंय."

ताईंनी एकदम वर बघितलं. त्यांनी हातानं काहीतरी खूण केली, पण पुरुषोत्तमराव फोनकडेच बघत होते.

"बाबा, आर यू सीरियस? तुमची कधीच काही हरकत नसते. आणि आता, जेव्हा मला गरज आहे, तेव्हा? दॅट्स सो सेल्फिश. आईनं सगळी लाइफ तुमच्यासाठी काढली. अँड यू कान्ट डू धिस वन थिंग?"

"हो," ते म्हणाले. "बरोबर आहे तुझं. पण मी नाही येणार, आणि आईलाही पाठवणार नाही."

पोरीनं फोन ठेवला. पुरुषोत्तमराव तसेच बसून राहिले. देवयानीताई त्यांच्याजवळ गेल्या, आणि इतक्या वर्षांत जे मी त्या घरात कधी पाहिलं नव्हतं ते पाहिलं. त्यांनी नवऱ्याच्या डोक्यावर हात ठेवला, लहान मुलाला ताप आहे का बघतात तसा, आणि तिथेच राहू दिला. मी चटणीचा डबा तिथेच टाकून घरी आले.

ह्याला आता दीड-दोन महिने झाले. घर विकायला काढल्याची पाटी काढली. कुशनं फोन करून काकांना सॉरी म्हटलं, कशाबद्दल ते त्यालाही माहीत नव्हतं. अक्षया आईला रोज फोन करते, आणि बाबा फोनवर आले की तिला काहीतरी काम निघतं. अंशुमन दिसतो तोही ताईंच्या मोबाइलवर, ताई बाजूला बसवतील तेवढाच. मंडळात पसरलंय की गद्र्यांनी म्हातारपणी बायकोचे पाय बांधले. सुप्रभाताई म्हणाल्या, असे गरीब दिसणारेच आतून हट्टी असतात. मी त्यांना सांगणार होते, पण सांगायचं तर ताईंचं सांगावं लागलं असतं. तेव्हा गप्प बसले.

देवयानीताई मात्र अशा खुलल्यात की काय सांगू. परवा त्यांनी हॉलसाठी पडदे आणले, भगभगीत पिवळे. पुरुषोत्तमराव म्हणाले, मला हा रंग आवडत नाही. ताईंनी तेवढ्यावरून अर्धा तास त्यांच्याशी भांडण केलं आणि मग पडदे परत करून आल्या. माझ्याकडे येऊन सांगत होत्या, पुन्हा पुन्हा, नव्या नवरीसारख्या, "हे नको म्हणाले गं."

काल कचऱ्याचा बिन बाहेर काढायचा दिवस. मी माझा बिन घेऊन निघाले तर पलीकडून पुरुषोत्तमराव आपला घेऊन येत होते. मला त्यांच्याशी काहीतरी चांगलं बोलावंसं वाटत होतं, इतक्या वर्षांचा राग होता ना. म्हटलं, "बरं केलंत हो पुरुषोत्तमराव. अक्षयाचं काय, येईल आपोआप ठिकाणावर. तुमच्या मनासारखं झालं ते महत्त्वाचं. तुम्हाला इथंच राहायचं होतं."

"मला?" ते म्हणाले. त्यांनी बिन फुटपाथच्या कडेला नीट लावला. "छे हो. कुशला म्हटलं ते नुसतं म्हणून बघितलं, कसं वाटतं ते. गिऱ्हाईक काय, दुसरं आलं असतं. मला जायचं होतं. अंशुमन आता चालायला लागलाय."

मी माझा बिन उगाच पुढे-मागे सरकवला.

त्यांनी वळून स्वतःच्या घराकडे बघितलं. वरच्या खिडकीत ताई उभ्या होत्या, आमच्याकडे बघून हात हलवत होत्या. त्यांनीही हात हलवला. मग हळू आवाजात मला म्हणाले, "देवयानीला कळू देऊ नका हं. कळलं तर ती माझ्यासाठी परत निघेल."